संगणकातील परवाना-तपासनीस



माझ्या आजोबांच्या ट्रंकेत एक लहानसे पुस्तक असे. त्याच्या पानांवर पोस्टाचे शिक्के मारलेले आणि तिकिटे चिकटविलेली. लहानपणी मला वाटे, हे त्यांचे बचतीचे पासबुक असावे. पुढे कळले की ते रेडिओच्या परवान्याचे पुस्तक होते. आपल्यापैकी ज्यांची साठी उलटून गेली आहे त्यांना असे पुस्तक आठवत असेल. रेडिओ रोख पैसे मोजून आणलेला. पेटी आपली, खटके आपले, मागची तारही आपणच कौलावर चढून बांधलेली. परंतु तो ऐकावयाचा तर दरसाल पोस्टात जाऊन पैसे भरावे लागत. १९७० नंतरच्या काळात ही रक्कम वर्षाला १५ रुपये होती. परवाना भरावयाचा राहिला आणि तपासनीस दारात उभा राहिला, तर दंड होई, प्रसंगी रेडिओही उचलून नेता येई. १९८४ साली ही पद्धत बंद झाली.

वस्तू विकत घेतलेली, पण ती वापरण्याची परवानगी मात्र वर्गणीची, ही गोष्ट म्हणजे आपल्याला अगदीच नवी नाही. आज तीच गोष्ट संगणकाच्या रूपाने पुन्हा आपल्या घरात, शाळेत आणि दुकानात आली आहे. फरक एवढाच, की तेव्हाचा तपासनीस बाहेरून येई आणि दार वाजवी. आताचा तपासनीस यंत्राच्या आतच बसलेला असतो. तो कोण, काय करतो आणि त्याला चकविण्याच्या नादात माणूस काय घालवून बसतो, हे आज मला सांगावयाचे आहे.

प्रथम एक कबुली देतो. मी महाविद्यालयात इतिहास शिकवितो. संगणकशास्त्र हा माझा विषय नव्हे. त्यातले हे एक प्रकरण मला शिकावे लागले ते एका नुकसानीमुळे. ते कसे झाले ते पुढे येईलच.

मी राहतो उल्हासनगरात, कॅम्प नंबर दोनमध्ये. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात कल्याणजवळ लष्कराची ही छावणी उभी राहिली. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांना येथल्या बॅरेकींत आसरा मिळाला, आणि १९४९ साली गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांच्या हस्ते नगराची पायाभरणी होऊन उल्हास नदीवरून त्याला उल्हासनगर हे नाव मिळाले. आजही येथल्या कित्येक पत्त्यांत बॅरेकीचा नंबर असतो. आमच्या गावाबद्दल एक विनोद सर्वत्र सांगतात. येथल्या मालावर 'मेड इन यूएसए' असे छापलेले असते म्हणे, आणि त्याचा अर्थ 'उल्हासनगर सिंधी असोसिएशन'! विनोदाला आम्हीही हसतो. परंतु अंगावरच्या कपड्यांनिशी आलेल्या माणसांनी समोरची वस्तू खोलून, पाहून, तशीच घडवून पोट भरले, यात मला लाज वाटण्यासारखे काही दिसत नाही. पंखा खोलून पंखा करणारा कारागीर निदान पंखा करावयास शिकतो. सॉफ्टवेअरची चोरटी प्रत काढणारा मात्र काहीच शिकत नाही. आणि त्या प्रतीत दुसऱ्या कोणी काय मिसळले आहे, हेही त्याला दिसत नाही. सगळी गोम येथे आहे.

आता ही यंत्रणा समजावून घेऊ. त्यासाठी संगणक थोडा वेळ बाजूला ठेवा आणि आपल्या गावातले लग्न डोळ्यांपुढे आणा.

अनेक गावांत देवळाच्या किंवा मंडळाच्या खोलीत गावकीची भांडी असतात. मोठी पातेली, कढया, झारे, पराती. घरात लग्न निघाले की ती आणावयाची, कार्य उरकले की घासूनपुसून परत करावयाची. प्रत्येक घराने पाचशे पानांची पातेली विकत घ्यावीत असे कोणी म्हणत नाही. पैसा वाचतो आणि जागाही वाचते. संगणकातही अशीच सोय आहे. पत्र लिहिण्याचे सॉफ्टवेअर, हिशेबाचे सॉफ्टवेअर, चित्राचे सॉफ्टवेअर, या सर्वांना काही कामे सारखीच करावी लागतात: खिडकी उघडणे, अक्षरे दाखविणे, छापावयास पाठविणे. प्रत्येकाने ती कामे स्वतंत्रपणे लिहून बरोबर बाळगण्याऐवजी ती एका सामायिक फाईलमध्ये ठेवतात, आणि ज्याला लागेल तो तेथून ती करवून घेतो. या फाईलला 'लायब्ररी' म्हणतात. विंडोजमध्ये तिच्या नावाच्या शेवटी 'डीएलएल' ही अक्षरे असतात. १९८५ साली पहिली विंडोज बाजारात आली तेव्हा तिला २५६ किलोबाइट एवढीच स्मृती पुरे होती. आजच्या मोबाइलमधला एक फोटोदेखील त्याहून मोठा असतो. इतक्या तुटपुंज्या जागेत संसार करावयाचा तर भांडी सामायिक ठेवणे भागच होते. लिनक्समध्येही हीच सोय आहे. तेथे नावाच्या शेवटी 'एसओ' असते, इतकेच.

आता या भांड्यांच्या खोलीवर एक माणूस नेमलेला असतो. आपण त्याला भांडारी म्हणू. तो वही उघडतो, तुमच्या घराची वर्गणी भरली आहे का ते पाहतो, आणि मग कुलूप काढतो. सॉफ्टवेअर कंपन्यांनी हेच केले. परवाना तपासण्याचे काम त्यांनी प्रत्येक सॉफ्टवेअरमध्ये वेगवेगळे न लिहिता एका सामायिक लायब्ररीकडे सोपविले. कंपनीची पाच सॉफ्टवेअरे असली तरी पाचही जण त्याच भांडाऱ्याला विचारतात. खुद्द विंडोजमध्येही परवान्याची विचारपूस करणारी 'एसएलसी' नावाची एक डीएलएल फाईल असते.

हा भांडारी साधारणपणे चार प्रश्नांची उत्तरे देतो. पहिला: परवाना खरा आहे का? कंपनीच्या संगणकावरून आलेल्या परवान्यावर गणिताने केलेली एक गुप्त मोहोर असते. त्यातले एक अक्षर बदलले तरी मोहोर जुळत नाही. दुसरा: परवाना याच यंत्राचा आहे का? त्यासाठी यंत्राच्या सुट्या भागांचे नंबर घेऊन यंत्राची ओळख ठरविली जाते. तिसरा: मुदत संपली की आहे? आणि चौथा: या गिऱ्हाइकाने कोणकोणत्या सोयींचे पैसे भरले आहेत? या चौथ्या प्रश्नामुळेच एकाच सॉफ्टवेअरमध्ये तुमच्याकडे एक बटण फिकट दिसते आणि शेजाऱ्याकडे ते चालते. बटण दोघांकडेही असते. भांडाऱ्याने किल्ली एकालाच दिलेली असते.

यातले चांगले कोणते आणि वाईट कोणते, हे सरसकट सांगता येत नाही. तीन उदाहरणे महाराष्ट्रातल्या रोजच्या व्यवहारातली घेऊ.

सातारा जिल्ह्यातून पुण्यात आलेले कैलास काटकर कॅलक्युलेटरच्या दुरुस्तीचे काम करीत. त्यांचे धाकटे बंधू संजय संगणकशास्त्र शिकले आणि त्यांनी संगणकातील विषाणू काढणारे सॉफ्टवेअर लिहिले. त्यातूनच क्विक हील उभे राहिले. ते मुदतीच्या परवान्याने विकले जाते. येथे वर्गणी मला न्याय्य वाटते. विषाणू रोज नवे निघतात, तेव्हा त्यांची यादीही रोज नवी यावी लागते. वर्तमानपत्राची वर्गणी आपण भरतो ती उद्याच्या बातमीसाठी.

दुसरे उदाहरण टॅलीचे. आमच्या बाजारातल्या लहान व्यापाऱ्यांचे हिशेब त्यावर चालतात. त्याचा कायमचा परवाना एकदा घेता येतो; नव्या आवृत्त्या आणि ऑनलाइन सोयी यांसाठी वर्गणी वेगळी. मालकी एका खात्यावर, सेवा दुसऱ्या खात्यावर.

तिसरे उदाहरण मराठी छपाईचे. पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकचे श्री-लिपी ज्यांनी छापखान्यात वापरले आहे त्यांना संगणकाच्या मागे लावण्याचा तो लहानसा 'लॉक' चांगला ठाऊक असेल. भांडाऱ्याची वही कागदावर न ठेवता एका डबीत ठेवावी तसा हा प्रकार. डबी लावली की अक्षरे उमटत.

आणि आता अलीकडची रीत पाहा. ६ मे २०१३ रोजी अमेरिकेतील अॅडोबी कंपनीने जाहीर केले की फोटोशॉपसारख्या साधनांच्या नव्या आवृत्त्या यापुढे वर्गणीनेच मिळतील. मायक्रोसॉफ्ट ३६५ हेही वर्गणीचे आहे. त्याचा भांडारी निदान तीस दिवसांतून एकदा इंटरनेटवरून कंपनीला विचारून घेतो. वर्गणी संपली तर जुने लिखाण उघडून वाचता येते, छापता येते. परंतु त्यात एक शब्दही घालता येत नाही. डोंगरातल्या ज्या शाळेत महिनामहिना इंटरनेट येत नाही, तेथल्या मास्तरांनी हे आधीच माहीत करून घेतलेले बरे. जूनमध्ये नवीन तुकड्यांच्या याद्या करावयास बसावे आणि त्याच दिवशी हे कळावे, असे होऊ नये.

आता माझी गोष्ट सांगतो.

काही वर्षांपूर्वी मी आमच्या कॅम्पातल्या वृद्ध माणसांच्या आठवणी टिपून घ्यावयास सुरुवात केली. १९४७-४८ साली जी माणसे येथे मुले म्हणून उतरली, ती आता ऐंशीच्या पुढे गेली होती. त्यांत शेजारच्या बॅरेकीतल्या एक बाई होत्या. सगळे त्यांना अम्मा म्हणत. त्या हिंदीत सांगत, मध्येच सिंधीत शिरत, आणि मी रात्री घरी येऊन ते मराठीत उतरवून काढी. कराचीहून बोटीने मुंबईला येताना कोण काय रडले, एका लांब बॅरेकीत गोणपाटाचे पडदे टांगून पाच कुटुंबे कशी राहिली, पडद्यापलीकडच्या मुलीशी पडद्याखालून सागरगोटे कसे खेळले, हे सारे त्यांनी सांगितले. त्या मुलीचे नावही सांगितले होते.

माझा संगणक जुन्या बाजारातून घेतलेला. "सगळं टाकून दिलंय, सर, तुम्ही फक्त चालू करा," असे दुकानदार म्हणाला, आणि मीही सगळे म्हणजे काय, असे विचारले नाही. दिवाळीच्या सुट्टीत एके दिवशी लिहिण्याचे सॉफ्टवेअर उघडेना. पडद्यावर सूचना आली की अमुक एक डीएलएल फाईल सापडत नाही. मी ते नाव इंटरनेटवर शोधले. कोणा अनोळखी ठिकाणी ती फाईल फुकट मिळत होती. ती उतरवून घेताना विषाणू पकडणारे सॉफ्टवेअर ओरडू लागले, म्हणून मी ते बंद केले. सॉफ्टवेअर सुरू झाले. मला मोठा पराक्रम केल्यासारखे वाटले.

नऊ दिवसांनी सकाळी संगणक लावला तो सगळ्या फाईलींची नावे बदललेली. एकही उघडेना. एक इंग्रजी चिठ्ठी मात्र उघडत होती. फाईली परत हव्या असतील तर इतके पैसे परदेशी आभासी चलनात भरा, असे तिच्यात लिहिले होते.

काय झाले ते नंतर एका विद्यार्थ्याने मला समजावून दिले. माझ्या संगणकातला भांडारी पहिल्यापासूनच तोतया होता. चोरट्या प्रतींत बहुधा हेच केलेले असते: परवाना तपासणाऱ्या फाईलच्या जागी त्याच नावाची दुसरी फाईल ठेवतात. ती कोणालाही, कधीही, काहीही विचारले तरी 'परवाना आहे' असेच उत्तर देते. विंडोजची सामान्य रीत अशी, की सॉफ्टवेअरला लागणारी फाईल ती आधी त्या सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या कप्प्यात शोधते आणि मग बाकीच्या ठिकाणी. म्हणून तोतयाला त्या कप्प्यात बसविले की काम होते. विषाणू पकडणाऱ्या सॉफ्टवेअरने त्या तोतयाला ओळखून हाकलले होते. मला आलेली 'फाईल सापडत नाही' ही सूचना त्यामुळेच आली होती. मी राखणदाराला बांधून ठेवले आणि पहिल्यापेक्षा मोठ्या चोराला स्वतःच्या हाताने आत घेतले. लायब्ररीची फाईल जे सॉफ्टवेअर तिला बोलावते त्याच्याच अधिकाराने चालते. माझ्या लिहिण्याच्या सॉफ्टवेअरला माझी सर्व पाने उघडण्याचा अधिकार होता. तोच त्या चोराला मिळाला.

मी पैसे भरले नाहीत, कारण भरूनही फाईली मिळतील याचा भरवसा नव्हता. हाताने लिहिलेली अकरा पाने वहीत राहिली होती, तेवढी उरली. अम्मा त्याआधीच, पावसाळ्यात गेल्या होत्या. पुढे त्यांचा नातू आला आणि म्हणाला, "सर, आजीनं तुम्हाला जे सांगितलं, ते वाचायला द्याल का?" मी त्याला ती अकरा पाने दिली. पडद्यापलीकडच्या मुलीचे नाव त्यांत नाही. ते मला आठवत नाही.

यात दोष दुकानदाराचा किती आणि माझा किती, याचा मी पुष्कळ विचार केला. फुकट मिळाले म्हणून मी विचारले नाही, हे खरे. आणि हे केवळ नुकसानीचे प्रकरण नाही, ते कायद्याचेही आहे. आपला कॉपीराइट कायदा १९५७ सालचा. १९८४ साली दुरुस्ती होऊन संगणकाची सॉफ्टवेअरे त्यात स्पष्टपणे आली. पुढच्या दुरुस्तीने आलेल्या कलम ६३ ब प्रमाणे, चोरटी प्रत आहे हे माहीत असून ती संगणकावर वापरणे हा गुन्हा आहे. त्याला सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास हजारांपासून दोन लाखांपर्यंत दंड सांगितला आहे. वापर धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद न देता पन्नास हजारांपर्यंत दंड करू शकते. शाळेचा संगणक असला म्हणून सूट मिळते, असे कोणी समजू नये.

मग ज्याच्याजवळ पैसा नाही त्याने काय करावे? हा प्रश्न खरा आहे, आणि त्याला उत्तरही आहे.

गावकीची भांडी ज्या तत्त्वावर चालतात त्या तत्त्वावर जगात सॉफ्टवेअरेही चालतात. रिचर्ड स्टॉलमन यांच्या फ्री सॉफ्टवेअर फाउंडेशनने १९९१ साली खास सामायिक लायब्रऱ्यांसाठी एक परवाना काढला. १९९९ पासून तो 'लेसर जनरल पब्लिक लायसन्स' या नावाने ओळखला जातो. त्याचा भावार्थ असा: हे भांडे कोणीही न्यावे, विकावयाच्या स्वयंपाकालाही न्यावे; मात्र भांड्याला तुम्ही कल्हई केली, कड बसविली, आणि ते पुढे दुसऱ्याला दिले, तर ती सुधारणा कशी केली हेही त्याला खुले करा. म्हणजे परवाना येथेही आहेच. पण हा परवाना दार अडविण्यासाठी नसून, दार पुढच्या माणसासाठी उघडे राहावे म्हणून आहे. २०१० पासून चालत आलेले लिबरऑफिस हे पत्रे, तक्ते आणि हिशेब यांचे सॉफ्टवेअर मोफत मिळते, कायदेशीरपणे मिळते आणि त्याचे खटके मराठीत करून घेता येतात. केरळातल्या सरकारी शाळांनी मोठ्या प्रमाणावर अशाच मुक्त सॉफ्टवेअरवर मुलांना शिकविले आहे. जे केरळला जमले ते आपल्याला जमणार नाही, असे मानण्याचे कारण नाही.

शिक्षक बंधुभगिनींना चार गोष्टी सुचवितो.

एक, सॉफ्टवेअर घेताना किंमत विचारावीच, पण त्याबरोबर हेही विचारावे: हे कायमचे की वर्गणीचे? वर्गणी संपल्यावर माझे जुने लिखाण मला उघडता येईल का, आणि बदलता येईल का? इंटरनेट किती दिवस नसले तरी चालेल? संगणक बदलला तर परवाना नव्या यंत्रावर नेता येईल का?

दोन, डीएलएल फाईल सापडत नाही अशी सूचना आली, तर ती फाईल सुटी शोधत हिंडू नये. ते सॉफ्टवेअर त्याच्या मूळ कंपनीकडून पुन्हा घेऊन बसवावे. पुष्कळदा हरवलेल्या फाईलचे नाव 'एमएसव्हीसीपी' किंवा 'व्हीसीरनटाइम' या अक्षरांनी सुरू होते. अशा फाईलींचा पूर्ण संच मायक्रोसॉफ्ट स्वतः मोफत देते. आणि एखादी फाईल चालावी म्हणून राखणदार बंद करा, असे कोणी सांगितले, तर त्या माणसाला चहा पाजून वाटेला लावावे.

तीन, मराठी लिखाण युनिकोडमध्ये करावे. जुन्या फाँटात केलेले लिखाण त्या फाँटावाचून निरर्थक अक्षरांचे होते. युनिकोडचे लिखाण कोणत्याही यंत्रावर, कोणत्याही सॉफ्टवेअरमध्ये मराठीच राहते. शाळेच्या जुन्या फाईली असतील तर लॉक आणि सॉफ्टवेअर चालू आहेत तोवरच त्या बदलून घ्याव्यात.

चार, जे लिखाण पुन्हा मिळणार नाही त्याची एक प्रत यंत्राबाहेर, तारेवाचून, कपाटात ठेवावी. आणि जमल्यास कागदावरही.

आजोबांचे ते परवान्याचे पुस्तक अजून माझ्याकडे आहे. ते पाहताना एक गोष्ट मनात येते. त्या काळी परवाना संपला तर रेडिओ मुका होई, पण घरातली माणसे, त्यांच्या आठवणी आणि वहीत लिहिलेली पत्रे घरातच राहत. आज आपण आपली वही, आपली पत्रे, गावाच्या नोंदी, मुलांचे निकाल, सगळेच त्या पेटीत ठेवू लागलो आहोत. तेव्हा पेटीच्या दाराशी कोण बसला आहे, तो कोणाचा माणूस आहे आणि त्याच्या वहीत आपल्या नावापुढे काय लिहिले आहे, हे एकदा वाकून पाहून घ्यावे. मी ते पाहिले नाही. आपण पाहावे, एवढ्यासाठी हे सांगितले.